कुलूप कुणाच्या हुकमानं तोडलं

मी एकतीस वर्षं श्रीरामपूरच्या दिवाणी न्यायालयात बेलीफ होतो. म्हणजे लोकांना घराबाहेर काढायचं काम मी सरकारी पगारावर केलं. हे ऐकलं की समोरच्याचा चेहरा पडतो, म्हणून आधीच सांगून मोकळा होतो. या नोकरीत मी शिव्या खाल्ल्या, एका वस्तीवर अंगावर कुत्रं सोडलं गेलं, आणि एका म्हातारीने तर माझ्या सात पिढ्यांचा उद्धार केला. पण न्यायाधीशांच्या सहीशिक्क्याचा कागद खिशात नसताना मी कुणाचा उंबरा ओलांडला नाही. दिवस उगवायच्या आधी गेलो नाही, मावळल्यावर थांबलो नाही. दोन पंच उभे करायचे, वॉरंट मोठ्याने वाचायचं, घरातल्या वस्तूंची यादी करायची, सह्या घ्यायच्या. चमचे किती, तेसुद्धा लिहायचो. सहकारी हसायचे. हसोत.

हे माझं पुराण सांगायचं कारण म्हणजे बेलापूरच्या आक्काबाई त्रिभुवन. एवढी वर्षं जे काम केलं त्याचा अर्थ मला निवृत्तीनंतर या बाईने समजावला.

आमची ओळख शेवयांमुळे झाली. होळी झाली की आक्काबाईंच्या अंगणात शेवयांचं मशीन सुरू व्हायचं, ते थेट अक्षय्य तृतीयेपर्यंत. आजूबाजूच्या गावांतल्या बायका पीठ भिजवून डबे घेऊन येत. अंगणभर बाजा टाकलेल्या असत आणि त्यांवर शेवया वाळत. एका वर्षी माझ्या बायकोने, सरोजिनीने, मला डबा देऊन पाठवलं. मी आपला सवयीने सरळ पुढे गेलो. आक्काबाईंनी मशीन बंद केलं, मला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाल्या, "बेलीफ तुमी कोर्टात. हितं नंबर लावा."

वीसेक बायकांसमोर मी डबा सांभाळत रांगेच्या शेपटाला जाऊन उभा राहिलो. तेव्हापासून मला ही बाई आवडली.

जागा तीन गुंठे, श्रीरामपूरकडे जाणाऱ्या रस्त्याला लागून. दोन पत्र्याच्या खोल्या आणि पुढे मोठं अंगण. त्यांचे यजमान बन्सी एका गोदामावर वॉचमन होते, ते जाऊन बारा वर्षं झाली. ग्रामपंचायतीच्या दप्तरी घर बन्सींच्या नावावर, घरपट्टी आक्काबाई भरत. मुलगा तुषार चाकणला कंपनीत. रस्ता रुंद झाला, दोन्ही बाजूंना गाळे उठले, आणि ज्या जागेकडे कुणी ढुंकून पाहत नव्हतं तिच्यावर माणसांच्या नजरा खिळायला लागल्या.

त्यातली एक नजर गोरक्षची. हा गावातला प्लॉट घेणारा-विकणारा माणूस. शिवाय पुढारी. लग्न, दहावं, जयंती, सत्यनारायण, काहीही असो, गोरक्ष पांढऱ्या कपड्यांत हजर. त्याने नाशिकला राहणारा आक्काबाईंचा चुलतदीर गाठला. जुन्या नोंदीत आपल्या बापाचं नाव आहे असं म्हणत त्या दिराने २०२२च्या मे महिन्यात अख्खी जागा परस्पर गोरक्षला खरेदीखताने लिहून दिली. ज्या बाईचा संसार त्या जागेवर उभा होता तिला याचा पत्ताही नव्हता.

आता गोरक्षच्या हातात कागद होता. खरा की खोटा, ते सोडा. कागद आहे तर कोर्टात जावं, दावा लावावा, निकाल घ्यावा, मग माझ्यासारखा एखादा बेलीफ येईल आणि रीतसर ताबा देईल. पण त्याला वर्षं लागतात. जेसीबीला एक सकाळ पुरते.

त्याने सकाळही हेरून निवडली. सहा डिसेंबर. त्या दिवशी आक्काबाईंची सगळी गल्ली दादरला चैत्यभूमीवर गेलेली असते. आक्काबाई चाळीस वर्षांत दोनदा चुकल्या, एकदा तुषारच्या वेळी बाळंतीण होत्या म्हणून आणि एकदा करोनात. हे गावातल्या पोराटोरांनाही ठाऊक आहे. बाबासाहेबांना वंदन करायला गेलेल्या बाईचं घर त्याच दिवशी फोडायचं, याला काय म्हणावं? मला जो शब्द सुचतो तो लिहिण्याजोगा नाही.

सात तारखेला सकाळी टेम्पोतून उतरल्या तर जागेभोवती निळे पत्रे, नवं फाटक, त्याला नवं कुलूप आणि वर पाटी: 'सदर मिळकत खाजगी मालकीची आहे.' रस्त्याच्या पलीकडे भांडी, गादी, कपाट, बन्सींचा फोटो, आणि आडवं पडलेलं शेवयांचं मशीन. पत्र्यांआड खोल्या तशाच उभ्या होत्या; बाहेर जेसीबीच्या चाकांच्या खुणांत त्यांचं स्वतःचं तुटलेलं कुलूप पडलं होतं.

आक्काबाई रडल्याच नाहीत, असं गावात कौतुकाने सांगतात. ते खोटं आहे. त्यांनीच मला सांगितलं, "लई रडले. मंग उठून भांडी मोजली."

पोलिसांत गेल्या. तिथे सांगितलं की हे दिवाणी प्रकरण आहे, कोर्टात जा. आक्काबाई म्हणाल्या, जाते, पण मी आज हितं आले हुते एवढं लिवून द्या. नोंदीची प्रत हातात पडेपर्यंत बाकावरून हलल्या नाहीत. संध्याकाळी गोरक्षने माणूस पाठवला. सामान भिजेल, धूळ बसेल, तुषारकडे चाकणला पोचवायला टेम्पो देतो, भाडं माझं. केवढं हे औदार्य. आक्काबाईंनी त्या माणसाला तसाच परत पाठवला. समोरच जया नावाची शेजारीण राहते, शाळेत खिचडी शिजवते. तिच्या पडवीत त्यांनी सामान लावलं आणि तिथेच राहायला लागल्या, आपल्याच घराच्या समोर.

तुषार रजा काढून आला. "आई, चल माझ्याकडं. जागेपायी जीव द्यायचा का?"

"मी गेले की तो म्हनंल, बाई आपल्या पायानं गेली," आक्काबाई म्हणाल्या. "तुला चार दिस भाकरी खायची तर खा, न्हाईतर ड्यूटीवर जा."

कायद्याचं एक अक्षर न शिकलेली बाई. पण ताबा सोडला असं कुणाला म्हणू द्यायचं नाही, हे तिला आतून कळलं होतं. माझ्यासारख्या एकतीस वर्षं कोर्टात झिजलेल्या माणसाला कळलं नव्हतं, ते आता सांगतो.

मधल्या काळात बैठका सुरू झाल्या. गावाची रीतच आहे, कोर्टात जायच्या आधी चार माणसांत बसायचं. गोरक्ष प्रत्येक बैठकीला यायचा, चहा सांगायचा, आक्काबाईंच्या पाया पडायचा. "आक्का, तू मला आईसारखी. कोर्टकचेरी कशाला? आपन बसून मिटवू." जानेवारीत बसले, चुलतदीर आला नाही म्हणून पुढे ढकललं. फेब्रुवारीत लग्नसराई निघाली. मार्चअखेर तो म्हणाला, बदली जागा दाखवतो. एप्रिलमध्ये जागा दाखवली, ती ओढ्यात होती. मग म्हणाला, दुसरी पाहतो, दहा जूनला शेवटचं बसू, सगळे मोठे लोक बोलावतो. चार माणसांनी माना डोलावल्या.

त्या वर्षी आमच्या घरी शेवया नव्हत्या. एप्रिलच्या शेवटी मी बेलापूरला गेलो. आक्काबाई जयाच्या पडवीत मशीनला तेल घालत बसल्या होत्या, नुसतंच. साचा मोडला होता. मला वाईट वाटलं, आणि वाईट वाटलं की माणूस शहाणपण शिकवायला लागतो. मी म्हणालो, "आक्काबाई, मी कोर्ट पाहिलंय. दहा-दहा वर्षं जातात. मालकीचे कागद, साक्षी, तारखा. तो जे देतोय त्यात जुळवून घ्या."

त्यांनी तेलाची बुधली खाली ठेवली.

"शामकांतराव, तुमी एकतीस वर्षं लोकान्ला घराभायेर काढलं. व्हय का न्हाई?"

"हो."

"हुकूम नसताना कदी कुनाला काढलं?"

"कधीच नाही."

"का न्हाई काढलं?"

खरं तर उत्तर सोपं होतं. काढलं असतं तर मी बेलीफ नव्हे, गुंड ठरलो असतो.

"मंग त्यानं हुकूम नसताना काढलं तर मला कसं सांगता, जुळवून घ्या? तुमी येवढी वर्षं घाम गाळला तो काय वाया?"

भर उन्हात मी एसटीच्या थांब्यावर आलो तेव्हा कान तापले होते, आणि त्यात उन्हाचा दोष नव्हता. माझा सगळा जन्म कोर्टाच्या मागच्या दाराशी गेला. निकाल लागल्यावर वॉरंट हातात घेऊन निघायचं. पुढच्या दाराने कसं आत जायचं, हे मी कधी विचारलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मी अॅडव्होकेट पंकजांकडे गेलो. तिशीतली मुलगी, माझ्या शेवटच्या वर्षात नवी नवी कोर्टात आलेली. तिने सगळं ऐकून एकच प्रश्न विचारला. "काका, कुलूप तोडलं ती तारीख?"

"सहा डिसेंबर. पण मालकीचा कागद..."

"मालकी बाजूला ठेवा." तिने कॅलेंडर ओढलं. "स्पेसिफिक रिलीफ कायद्याचं कलम सहा. ताब्यात असलेल्या माणसाला त्याच्या संमतीशिवाय, कायद्याची वाट सोडून बाहेर काढलं, तर कोर्ट मालक कोण हे विचारत नाही. ताबा कुणाचा होता आणि कसा काढला, एवढंच पाहतं. काढणारा खरा मालक असला तरी आधी ताबा परत द्यायचा, मग मालकीचं भांडण वेगळ्या दाव्यात करायचं. शेतजमीन असती तर तहसीलदाराकडेही जाता आलं असतं. पण दोन्हीकडे मुदत एकच. काढल्यापासून सहा महिने."

"म्हणजे सहा जून."

"सहा जून. त्यानंतर हा रस्ता बंद. मग मालकी सिद्ध करत बसा, तुम्ही म्हणता ती दहा वर्षं."

दहा जूनची बैठक. मोठे लोक. शेवटचं बसू. मला सगळं एकदम उलगडलं आणि मी इतक्या मोठ्याने शिवी दिली की पंकजाच्या कारकुनाने आत डोकावून पाहिलं. तो गोड चहा, ते पाया पडणं, ओढ्यातला प्लॉट, सगळं फक्त तारखा खाण्यासाठी होतं. आणि गावातली चार भली माणसं, त्यांत मीही आलो, आपण समेट करतोय अशा समजुतीत त्याच्या बाजूने काम करत होतो.

आक्काबाईंना हे सांगितलं तेव्हा त्यांनी बोटांवर महिने मोजले. मग म्हणाल्या, "घर फोडलं त्याचा राग हुता. पर आई म्हनून पाया पडत हुता, त्याचा आता जास्त येतोय."

कोर्टाला उन्हाळी सुट्टी लागत होती. तोवर आम्ही पुरावे जमवले. ताबा डिसेंबरपर्यंत होता हे दाखवायचं होतं. घरपट्टीच्या पावत्या, लाइट बिलं, पोलिसांच्या नोंदीची प्रत झाली. पंकजा म्हणाली, "रोजच्या वावराचं काही?" तेव्हा जया आत गेली आणि एक जाड वही घेऊन आली.

आषाढ पौर्णिमेपासून आश्विन पौर्णिमेपर्यंत वर्षावास असतो. त्या तीन महिन्यांत गल्लीतल्या बायका रोज संध्याकाळी आक्काबाईंच्या अंगणात बसून धम्मग्रंथ वाचत. विहार लहान, अंगण मोठं. आज कोणी वाचलं, कोणत्या पानापासून कोणत्या पानापर्यंत, किती जण आले, हे जया वहीत लिही आणि हजर बायका सह्या करत. कुणी वाचायला टाळाटाळ करू नये एवढाच त्यामागे हेतू. २०२२च्या वर्षावासाचे सगळे दिवस त्या वहीत होते. पंकजाने पानं उलटली आणि शेवटच्या पानावर थबकली. तिने वही माझ्यापुढे सरकवली. मी वाचलं, चष्मा पुसला आणि पुन्हा वाचलं. काय होतं ते पुढे येईलच.

पाच जूनला सोमवारी कोर्ट उघडलं. अकरा वाजता दावा दाखल झाला. मुदतीचा एक दिवस शिल्लक होता. आणि दहा जूनला आक्काबाई बैठकीलाही गेल्या. गोरक्षने खुर्ची पुढे केली, चहा सांगितला. आक्काबाई उभ्याच राहिल्या. "च्या ऱ्हाऊ द्या. ज्यांना बसायचं त्यांनी आता श्रीरामपूरला बसायचं. दावा लागलाय," असं सांगून परत फिरल्या. तिथे हजर असलेल्या एकाने मला सांगितलं की गोरक्षने आधी मोबाइलमध्ये तारीख पाहिली.

त्याने जबाब दिला तो ऐकण्यासारखा आहे. म्हणे, आक्काबाईंनी मे महिन्यात खरेदीखताच्या दिवशीच राजीखुशीने जागा रिकामी करून दिली. म्हणजे दावा वर्षभराने लागला, मुदत कधीच संपली. डिसेंबरात कुलूप तोडलंच नाही, आपल्याच जागेला पत्रे लावले.

आक्काबाईंच्या उलटतपासणीला मी मागच्या बाकावर बसलो होतो. समोरचे वकील नामांकित, आवाज खणखणीत. "बाई, जागा तुमच्या मालकीची असल्याचा एक तरी कागद तुमच्याकडे आहे का?"

"मालकीचं मंग बोलू सायेब. माजं कुलूप हुतं. ते कुनाच्या हुकमानं तोडलं, तेवढं दाखवा."

"मी विचारतो त्याचं उत्तर द्या."

"तेच देतीय. तुमच्याकडं कोर्टाचा हुकूम आसंल तर मी आत्ता दावा सोडून जाते."

न्यायाधीशांनी मान खाली घालून काहीतरी लिहिलं. वकिलांनी विषय बदलला.

मग गोरक्षची पाळी आली. पंकजाने त्याच्या हातात जयाची वही दिली आणि शेवटचं पान काढायला सांगितलं. नऊ ऑक्टोबर, आश्विन पौर्णिमा, वर्षावासाची सांगता. निवडणुकीची हवा होती, त्यामुळे गोरक्षही पांढऱ्या कपड्यांत खीर खायला गेला होता. पाहुण्यांनी अभिप्राय लिहायचा असतो, तसा त्यानेही लिहिला होता.

"हस्ताक्षर कुणाचं?"

वही त्याने जरा लांब धरली. "माजंच दिसतंय."

"खाली सही आणि शिक्का?"

"माजाच."

"वाचून दाखवा."

त्याने वकिलांकडे पाहिलं. वकील छताकडे पाहत होते. मग त्याने वाचलं, "'आक्काबाईंच्या अंगणातील या मंगल कार्यक्रमास येऊन धन्य झालो. आक्काबाईंनी ही जागा अशीच धम्मकार्यासाठी वर्षानुवर्षे खुली ठेवावी, ही सदिच्छा.'"

पुढाऱ्यांना कुठेही काहीही लिहायची सवय असते आणि ते कुणी वाचत नाही हेही त्यांना ठाऊक असतं. मेमध्ये रिकाम्या झालेल्या जागेत ऑक्टोबरात खीर कुणी वाढली, असं पंकजाने अगदी सौम्यपणे विचारलं. माझ्या शेजारी बसलेल्या जयाने हळूच सांगितलं की त्याने दोनदा घेतली होती.

तरीही निकालाला २०२५चा जानेवारी उजाडला. झटपट निकाली काढायचे दावेसुद्धा आपल्याकडे दीड-दोन वर्षं घेतात, आणि तेवढी वर्षं साठी ओलांडलेल्या एका बाईने पडवीत काढली. ते मी कुणाला माफ करणार नाही. पण निकाल स्वच्छ होता. आक्काबाईंचा ताबा होता, तो बेकायदा काढला, परत द्यावा. या कलमाखालच्या निकालावर अपील नसतं. गोरक्ष वर फेरतपासणीला धावला, तिथेही दाद लागली नाही.

ताब्याच्या दिवशी नवा बेलीफ आला. तरुण पोरगा, घाईतला. मी आपला पंच म्हणून उभा. वॉरंट वाचलं, फाटकाचं कुलूप रीतसर तोडलं. आत अंगणभर गोरक्षचे पीव्हीसी पाइप आणि सिमेंटची पोती रचलेली. गल्लीतली पोरं पुढे झाली, एकाने पाइप उचलून रस्त्यावर भिरकावला. टाळ्या पडल्या. मलाही बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

"ठेव तो," आक्काबाई म्हणाल्या. "उचलून आन."

पोरगं गोंधळलं. "आक्का, त्यानं तुझी गादी फेकली हुती."

"म्हनूनच." मग बेलीफाकडे वळल्या. "सायेब, त्याचं सामान मोजा. समदं लिवा. पाइप किती, पोती किती. त्याला फोन करा, त्याला येऊन घिऊन जाऊ द्या. तवर मी आत पाऊल टाकत न्हाई."

बेलीफ कंटाळून घड्याळ पाहत होता. मी त्याच्या हातातून पॅड घेतलं आणि स्वतः मोजायला लागलो. बावीस पाइप, सदतीस पोती, एक फावडं, दोन घमेली. लिहिताना माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं. सरोजिनी म्हणते, वय झालं की येतं. असेलही.

गोरक्ष स्वतः आला नाही, टेम्पो पाठवला. टेम्पोवाल्याने सही केली. मग आक्काबाई उंबरा ओलांडून आत गेल्या.

होळीनंतर मशीन सुरू झालं, नवा साचा बसवून. मी डबा घेऊन गेलो, रांगेत माझा नंबर अकरावा होता. तेवढ्यात तोच तरुण बेलीफ मोटारसायकलवरून उतरला. समन्स होतं. एकीने विचारलं, "पुन्हा काढत्यात का काय?"

मी कागद घेऊन वाचला. गोरक्षने जागेच्या मालकीचा दावा लावला होता. हा त्याचा हक्कच होता, कायद्याने त्याला तेवढी वाट ठेवलेली आहे. मी तसं आक्काबाईंना सांगितलं आणि म्हणालो, हा लांब चालेल, बहुधा वर्षानुवर्षं. माझा आवाज उतरला असावा, कारण त्यांनी मशीन बंद केलं.

"आता यात काय लिवलंय? जागा कुनाची, आसं इचारलंय?"

"हो."

"मला इचारलंय?"

"तुम्हालाच. नावानिशी. लेखी उत्तर मागितलंय."

आक्काबाईंनी पदराला हात पुसले, समन्सवर सही केली, आणि कागद घडी करून कमरेच्या पिशवीत ठेवला.

"मंग रडायचं काय त्यात," त्या बायकांना म्हणाल्या. "पयल्या खेपंला जेसीबी पाठवला, या खेपंला कागुद पाठवला. येवढंच करायला लावायचं हुतं मला त्याला. इचारलंय तर उत्तर देईन." आणि माझ्याकडे न बघताच त्यांनी बटण दाबलं. "पुढचा डबा कुनाचा?"